उंबऱ्यातला शंख

"अगं, हा तर आपल्या उंबऱ्यातला!" आई म्हणाली.

एदिल्मा हसली. लेवा गावात कुठेही कुदळ मारली की दगड झालेला शंख निघतो, आणि लोक तो भिंतीत नाहीतर उंबऱ्यात चुन्याने बसवून टाकतात. पण तिच्या हातातला शंख तसला नव्हता. एल विएंतो टेकडीच्या माथ्यावर तो तिला स्वतःला सापडला होता. प्राचीन समुद्र तिथवर पोचत होता याचा एवढा एकच पुरावा. तिने काढलेला त्या समुद्राचा नकाशा, तिची नोकरी, तिचं नाव, सगळं त्यावर उभं. उद्याच्या प्रदर्शनासाठी तो राजधानीतून आजच गावी आला होता.

"आई, सगळे शंख सारखेच दिसतात."

"मला शिकवू नकोस. जन्म गेला माझा तो पुसण्यात. तू सरांकडे शिकायला गेलीस तेव्हा त्यांना आवडला, म्हणून मीच उचकटून दिला. विचार की त्यांनाच."

अनिबाल सर अंगणात बसून गरम चॉकलेटमध्ये चीज बुडवत होते. त्यांचा हात थांबला.

आईने चमच्याने उंबऱ्यातल्या खळग्यातली माती खरवडली आणि शंख आत ठेवला. तसूभरही फट न ठेवता तो बसला. त्याची झिजलेली बाजू शेजारच्या दगडाच्या झिजेला जाऊन मिळाली. ती बाजू वाऱ्याने झिजली, असं एदिल्माने आपल्या शोधनिबंधात छापलं होतं.

ती सरांकडे वळली.

"सर, तुम्ही नेऊन ठेवलात टेकडीवर?"

"समुद्र तिथवर होताच गं. नुसता पुरावा मिळत नव्हता. तू किती खचली होतीस, पोरी. मला बघवेना."

"आणि सापडल्यावर मला जवळ घेऊन रडलात, तेही नाटकच?"

"रडू खरं होतं." सरांनी आवाज खाली आणला. "उद्या काही बोलू नकोस. मी काय, म्हातारा. तुझंच नाव बुडेल."

ज्याला तिने बापाच्या जागी मानलं, तो माणूस तिची समजूत घालता घालता चॉकलेटचा घोट घेत होता. गार होईल म्हणून.

आईला यातलं काही उमगलं नव्हतं. ती खुशीत उंबऱ्याकडे बघत होती.

"कसा चपखल बसलाय! चुना कालवू का गं? की उद्या न्यायचाय?"

एदिल्माने सरांकडे बघितलं नाही.

"कालव," ती म्हणाली. "घट्ट कालव."