ढालीच्या जागी

लेकाच्या स्मरणार्थ घडत असलेल्या वीरगळावर त्याच्या हाती ढाल-तलवार पाहून सगुणाबाई कडाडल्या, “माझा लेक लढाईत नव्हे, पुरात गेला. शेजारची मुलगी वाचवताना!”

पाथरवट म्हणाला, “मावशी, हत्यारावाचून वीर शोभत नाही. शिवाय कोरलेला दगड पुन्हा भरता येत नाही.”

“भरायला कोण सांगतंय? आणखी कोर. तलवारीची दोरी कर आणि ढालीतून ती मुलगी घडव.”

त्याने छिन्नी टेकवली आणि सहज विचारले, “तिचा चेहरा कसा आहे?”

पुरानंतर ती मुलगी कितीदा तरी सगुणाबाईंच्या दाराशी आली होती. पण त्यांनी तिच्याकडे एकदाही मान वर करून पाहिले नव्हते.

अखेर पदर सावरत त्या म्हणाल्या, “उद्या तिचं बोट धरून मीच घेऊन येते.”