बिनबटाट्याचा इश्टू

वर्कीने बाजारातून आणलेले बटाटे अच्चाम्माने पिशवीसकट उचलले आणि मागच्या दारी गाईपुढे ओतले.

"अम्मच्ची, डोकं फिरलंय का तुझं? पाहुणे येतीलच आता." पन्नाशीचा वर्की, पण आईसमोर आवाज चढवायचा तर आधी दोन पावलं मागे सरकायचा.

"येऊ देत की. उपाशी धाडत्ये का मी त्यांना?"

"बीफच्या इश्टूत बटाटा नाही म्हटल्यावर विचारतील ना ते. एक दिवस चार लोकांसारखं रांध. लिंटा सगळ्यांबरोबर बसेल, दोन अप्पम खाईल, आणि मागाहून न्हाणीघरात जाऊन इन्शुलिनची सुई टोचून घेईल. एकदा लग्न ठरलं की सांगू सावकाश."

"कधी सावकाश? तुझ्या नातवाच्या बाप्तिस्म्याला?"

वर्की तोंड पाडून ओसरीवर गेला. अच्चाम्मा चुलीकडे वळली. आलं, मिरी आणि हिरव्या मिरच्या घालून सकाळपासून रटरटणारं बीफ आता बोटाने तुटेल इतकं मऊ झालं होतं. तिने कच्च्या पपईच्या फोडी टाकल्या, मूठभर फरसबी टाकली, रंगापुरतं गाजर टाकलं. रस्सा दाट व्हायला पीठ लावायचं नाही. नारळाचं पातळ दूध उकळीत घालायचं. दाट दूध बेतानेच, तेही भांडं उतरवल्यावर. नात लिंटा सहावीत असताना इस्पितळातून घरी आली, त्या दिवसापासून या घरात इश्टू असाच होतो आणि सगळ्यांच्या ताटात तांदळाचा एकच अप्पम पडतो. सुरुवातीला कुरकुरणाऱ्यांना अच्चाम्माने विचारलं होतं, वेगळी चूल मांडून देऊ का? मग कुणी कुरकुरलं नाही.

लिंटा साडीच्या निऱ्या सावरत दारात आली.

"पप्पांचं ऐक ना, अम्मच्ची. मी खाईन दोन अप्पम. एका दिवसाने काय होतंय?"

अच्चाम्माने तिच्याकडे पाहिलं. काजळ घातलं होतं पोरीने. आधीचं स्थळ शुगरचं नाव ऐकून फाटकातूनच माघारी वळलं होतं. तेव्हा लिंटा नुसती शाळेच्या वह्या तपासत बसली होती. आज बघायला येणारा सिबी तिच्या मनात भरलाय, हे कळायला चष्मा लागत नव्हता.

"पदर नीट कर," अच्चाम्मा एवढंच म्हणाली.

पाहुणे आले. सिबी आणि त्याची आई पेण्णम्मा. हातातलं सोनं आणि आवाज, दोन्ही वजनदार. सगळे टेबलाशी बसले, अप्पम आले, इश्टू आला. पेण्णम्माने वाडग्यात चमचा घालून तळापर्यंत फिरवला.

"बटाटा दिसत नाही तो?"

"बाजारात आलाच नाही आज," वर्की घाईघाईने म्हणाला.

मागच्या दारी गाय कचाकचा चावत होती.

अच्चाम्माने तोंड उघडलं. समोरून लिंटाने हळूच मान हलवली, नको म्हणून. अच्चाम्माने तोंड मिटलं. उभ्या जन्मात तिने असं केलं नव्हतं. एक शब्द गिळला तर पोरीला घर मिळतंय, गिळावा. एवढी काय मोठी तिची जीभ?

"किती गं वाळलेली तू," म्हणत पेण्णम्माने लिंटाच्या ताटात आणखी एक अप्पम वाढला. "लाजू नको. चांगली पोटभर जेव."

लिंटाने अप्पम मोडला, रश्शात बुडवला आणि घास उचलला.

अच्चाम्माने टेबलावरून हात लांब करून तिचं मनगट धरलं.

"खाली ठेव तो." मग पेण्णम्माकडे वळून म्हणाली, "पोरीला शुगर आहे. लहानपणापासून. जेवणाआधी सुई घ्यावी लागते. ती घेतलेली नाही तिने. तुमच्यापुढे लाज वाटते म्हणून."

वर्कीने पंख्याकडे पाहिलं. लिंटाचं काजळ ओलं झालं.

"हे आधी सांगायचं असतं, अम्मच्ची," पेण्णम्मा म्हणाली.

"असतं. नाही सांगितलं, चूक झाली. आता सांगितलंय. फाटक उघडंच आहे."

"अम्मा, मी काय म्हणतो..." सिबी पुढे झाला.

"तू गप्प बस. मोठी माणसं बोलतायत," पेण्णम्माने त्याला दटावलं.

तिने समोरचा वाडगा पुढे ओढला. मग चमचाभर रस्सा तोंडात घेऊन जिभेवर घोळवला.

"पपई?"

"कच्ची."

"आणि घरातली सगळी माणसं हेच खातात?"

"या घरात दोन भांडी चढत नाहीत."

पेण्णम्माने लिंटाच्या ताटातला मोडका अप्पम उचलून आपल्या ताटात घेतला.

"लग्नाचं मागाहून बघू. खोटं बोललात, त्याचा राग आहे मला, तो काही इतक्यात जायचा नाही."

लिंटा उठली आणि खाली मान घालून आतल्या खोलीकडे निघाली.

"आत बसू नकोस गं," पेण्णम्माने मागून हाक मारली. "सुई इकडेच घेऊन ये. तुझ्यासाठी सगळ्यांचा इश्टू निवतोय."