चार मात्रा गप्प

तेजल पुन्हा चुकली. बाकीच्या मुली गप्प झाल्या आणि तिचा एकटीचा आवाज पुढे निघून गेला. हार्मोनियमवरचा अपूर्वा मॅडमचा हात थांबला. सकाळपासूनची ही चौथी वेळ होती आणि समूहगीतांची स्पर्धा उद्यावर आली होती.

"फळ्याकडे बघ जरा," मॅडम म्हणाल्या. फळ्यावर प्रत्येक ओळीला आठ घरं आखली होती, एका घराला एक मात्रा. घरात स्वर असला की गायचं. आडवी रेघ असली की तोच स्वर लांबवायचा. घर मोकळं असलं की तोंड मिटायचं. तिसऱ्या ओळीची शेवटची चार घरं मोकळी होती. "आठवीत आहेस तू. चारपर्यंत मोजता येत नाही?"

मुली हसल्या. तेजल मान खाली घालून उभी राहिली.

गाणं भाताच्या आवणीचं. रोपांची एकेक मूठ चिखलात लावायची आणि एकेका लेकीचं नाव घ्यायचं. पयली मूठ शकूची, दुसरी मूठ अनसूची, तिसरी मूठ... आणि मग एकदम चौथी, रखमाची. मॅडमनी हे गाणं पहिल्यांदा ऐकलं ते तेजलच्याच तोंडून, जूनमध्ये. आईच्या माहेरचं आहे, घोटीच्या पलीकडच्या वाडीचं, एवढंच तिला ठाऊक होतं. मॅडमनी तिच्या आईला शाळेत बोलावलं. ती आली नाही. निरोप आला, की माझं लग्न माहेरी पसंत नव्हतं, तिथं माझं नाव सांगू नका. मग मॅडम स्वतःच वाडीवर गेल्या आणि तिथल्या रंगूबाईंकडून गाणं उतरवून आणलं.

रंगूबाई तीनदा गायल्या आणि तिन्ही वेळा तिसऱ्या मुठीपाशी बरोब्बर चार मात्रा थांबल्या. इथे काही शब्द आहे का, असं मॅडमनी विचारलंही. "तिथं गप ऱ्हायचं," एवढंच त्या म्हणाल्या. मॅडम भारावून गेल्या. लोकगीतातलं मौन या विषयावर त्यांनी दोन पानं लिहूनसुद्धा टाकली. तेजलचं गाणं ऐकीव आणि रंगूबाईंचं अस्सल, हे त्यांनी ठरवून टाकलं होतं. आणि मॅडमच्या कागदावर एकदा उतरलं, की ते ब्रह्मवाक्य.

तेवढ्यात शिपाई रंगूबाईंना घेऊन आला. मॅडमनीच त्यांना हौसेनं तालमीला बोलावलं होतं. त्या लुगडं सावरत खुर्चीच्या कडेवर टेकल्या. मुलींनी गाणं धरलं. पहिली मूठ झाली, दुसरी झाली. तिसऱ्या मुठीला सगळा वर्ग गप्प झाला, आणि त्या शांततेत तेजलचा आवाज खणखणीत आला, "यशोदाची!"

मॅडमचा संताप अनावर झाला. पाहुण्यांसमोर पार शोभा झाली होती. "बास. उद्या तू गायचं नाहीस. मागच्या रांगेत उभी राहा आणि नुसते ओठ हलव."

तेजलला रडू फुटलं. "मॅडम, ती घरं मोकळी नाहीयेत हो. तिथं माझ्या आईचं नाव आहे."

रंगूबाई उठल्या. खुर्ची मागे कलंडली, ती कोणी उचलली नाही. त्या तेजलपाशी आल्या, तिची हनुवटी धरून त्यांनी तिचा चेहरा खिडकीकडे वळवला आणि कितीतरी वेळ बघत राहिल्या.

"तुझी आई कवा वारली, बाय?"

"वारली?" तेजल दचकून मागे सरकली. "आई इथंच द्वारका चौकात एका दुकानात कामाला आहे. सहा वाजता येईल ना मला न्यायला."

आपण महिनाभर काय घोटून घेतलं, ते मॅडमना आता कळू लागलं होतं. "आजी, तुम्ही तिचं नाव का गाळलंत?" त्यांनी कसंबसं विचारलं.

"मेलेल्या लेकीचं नाव आवणीत घेत नाय, बाई." रंगूबाई तिथंच फरशीवर बसल्या. त्यांना रडूही येईना. "नाशकात कामाला व्हती माझी यशोदा. ह्ये तिला बघाया म्हणून गेले आन् डोकं भादरूनच घरी आले. तापानं गेली म्हणाले. रामकुंडावर दहावा उरकला म्हणाले. पिंडाला कावळासुदिक लगीच शिवला म्हणाले."