पहिल्या खेपेचा फटका

त्रिग्लावच्या शिखरावर पहिल्यांदा पोचणाऱ्याला, आधी चढून आलेल्याने ढुंगणावर दोराचा फटका द्यायचा, ही रीत. शिखरावरच्या पत्र्याच्या मनोऱ्यापाशी झोरका नवऱ्यासमोर, ओटमारसमोर, वाकली. "मार, म्हाताऱ्या! लग्नाआधी एकटा चढून आलास ना? त्याच फुशारकीवर तर भाळले मी!" लोक खिदळले. ओटमारने दोर हातात घेतला. आयुष्यभर तो तिला पुस्तकात वाचलेला डोंगर सांगत आला होता. इथे तोही आज पहिल्यांदाच उभा होता. दोर तिच्या हाती देऊन तो स्वतःच वाकला. कुणीतरी ओरडले, "आजोबा, तुमचीही पहिलीच खेप?" झोरकाचे हसू मावळले. क्षणभर ती दोराकडे पाहत राहिली. मग मोठ्याने म्हणाली, "छे हो, बुटाची नाडी सुटलीय त्याची. बांध रे, मग मार." दोर परत देताना तिने त्याच्याकडे पाहिले नाही. ओटमार घट्ट बांधलेली नाडी सोडून पुन्हा बांधू लागला.