चोविसावा भाग

"दुखतंय कधीपासून?" डॉक्टर देवयानीने दुसऱ्यांदा विचारले, आणि दुसऱ्यांदाही दुभाषी बाईंनी भाषांतर केले नाही. मिसेस लाऊ पेशंटकडे नुसत्या बघत बसल्या होत्या.

"मिसेस लाऊ?"

"सॉरी, डॉक्टर. या कोण आहेत, माहीत आहे तुम्हाला?"

देवयानीने फाइल पाहिली. "मिसेस क्वॉन. वय अठ्ठेचाळीस. आजवर फोनवरच्या दुभाष्यावर भागवलं. आज मुद्दाम तुम्हाला बोलावलंय."

"या आ-लिन आहेत." मिसेस लाऊंचा आवाज एकदम खाली आला. "सव्वीस वर्षांपूर्वीची, एकोणऐंशी सालची हाँगकाँगची टीव्ही मालिका. चोवीस भाग. शेवटच्या भागात आ-लिन नवऱ्याच्या दारात पोट धरून मरते. त्या संध्याकाळी आमच्या रस्त्यावर माणूस नव्हता. माझी आई जेवली नाही. मग यांचं लग्न झालं, इथे वेल्समध्ये, कार्डिफला आल्या, पुन्हा कधी काम केलं नाही. तेवढी एकच मालिका. अजून घरोघर बघतात. गेल्या वर्षी डीव्हीडीसुद्धा निघाली."

आ-लिन हे नाव कानावर पडताच मिसेस क्वॉन हसल्या. तयार ठेवलेले हसू होते ते. लगेच मावळले.

बाजूला बसलेली कॅन्सर विभागाची नर्स मीनल मराठीत पुटपुटली, "ही तर फॅन निघाली गं. दुसरी इंटरप्रिटर मागवू?"

"मंगळवारच्या आत नाही मिळणार. आणि हा रिपोर्ट मला थांबवायचा नाहीये."

दुभाष्यांचा एक नियम असतो. पेशंट 'मी' म्हणाला की दुभाष्यानेही 'मी'च म्हणायचे, आणि पदरचे काही घालायचे नाही. देवयानीने त्याची आठवण करून दिली. मिसेस लाऊंनी मान हलवली, पर्स खाली ठेवली आणि त्या ताठ बसल्या.

"अकरा महिने झाले माझं पोट दुखतंय," त्यांनी मिसेस क्वॉनचे उत्तर सांगितले.

"मग आधी का नाही आलात?"

मिसेस क्वॉन टेबलाच्या कडेकडे बघत बराच वेळ बोलल्या. मिसेस लाऊंनी सुरुवात केली, थांबल्या, पुन्हा सुरुवात केली.

"माझ्या नवऱ्याचं रेस्टॉरंट आहे. लग्नाच्या पार्ट्या असतात, नववर्षाची जेवणं असतात. जेवण झालं की लोक म्हणतात, आ-लिन, शेवटचा सीन करा. मी पोट धरून दाराला टेकते आणि खाली बसते. पंचवीस वर्षं करतेय. गेल्या वर्षी एका दुपारी भरलेल्या ताटल्या नेताना खरंच कळ आली. मी ताटल्या ठेवल्या, दाराला टेकले आणि खाली बसले. सगळ्या टेबलांवरून टाळ्या पडल्या."

"तुमचे मिस्टर?"

"त्यानेही वाजवल्या. घरी गेल्यावर म्हणाला, आज फार छान झालं. मग मी त्याला सांगितलं, खरंच दुखतंय. तीन वेळा सांगितलं. तो म्हणतो, समोर कोणी नसताना कशाला करतेस? तपासण्यांना मी एकटीच आले. आज तो पहिल्यांदा आलाय. बाहेर बसलाय."

देवयानीने खुर्ची थोडी पुढे घेतली. गाठ जठरात आहे, यकृतापर्यंत पोचली आहे, ऑपरेशन करता येणार नाही. एकेक वाक्य सांगून ती थांबत होती. मिसेस लाऊ एकेक वाक्य कँटोनीजमध्ये सांगत होत्या. तिसऱ्या वाक्याला त्यांचा आवाज फुटला.

मिसेस क्वॉननी दोन शब्दांत काहीतरी विचारले.

"मला," मिसेस लाऊ म्हणाल्या, आणि त्यांना हुंदका आला. "मला किती दिवस आहेत?"

"काही महिने. कदाचित उन्हाळा संपेपर्यंत."

मीनलने टिश्यूंचा डबा मिसेस क्वॉनपुढे सरकवला. त्यांनी तो उचलून मिसेस लाऊंच्या हातात दिला आणि हलक्या आवाजात काही सांगितले. मिसेस लाऊंनी त्याचे भाषांतर केले नाही.

"काय म्हणाल्या त्या?"

"हे मला सांगितलं, डॉक्टर. म्हणाल्या, इतकं रडायचं नसतं. मग खरं वाटत नाही."

भिंतीवर हात धुण्याची सूचना इंग्रजीत आणि वेल्शमध्ये लावलेली होती. मिसेस क्वॉन तिच्याकडे वाचल्यासारख्या बघत राहिल्या. मग त्या देवयानीकडे वळल्या. आल्यापासून पहिल्यांदाच त्यांनी तिच्या डोळ्यांत पाहिले आणि काही सांगितले.

"माझ्या नवऱ्याला तुम्ही सांगा," मिसेस लाऊ म्हणाल्या. आता त्यांनी आवाज सावरला होता. "मी सांगितलेलं त्याला खरं वाटणार नाही."

"सांगते. आत्ताच सांगते."

देवयानीने दार उघडले. समोरच्या खुर्चीवर एक गृहस्थ दोघांचे कोट मांडीवर घेऊन बसला होता. हातात कार पार्कची चिठ्ठी होती. तो अदबीने उठून उभा राहिला. देवयानीने त्याला आत यायची खूण केली.

तेवढ्यात तिच्या मागून आलेल्या मिसेस क्वॉन दारातच थबकल्या. त्यांचा हात पोटाशी गेला. पाठ चौकटीला टेकली, आणि त्या हळूहळू खाली बसल्या. तोंडातून आवाज निघाला नाही.

मीनल धावली. नवऱ्याने कॉरिडॉरच्या एका टोकाकडे पाहिले, मग दुसऱ्या टोकाकडे. कोट सावरत तो बायकोपाशी वाकला आणि समजावणीच्या सुरात एक वाक्य बोलला. त्यात राग नव्हता.

"काय म्हणाले ते?" देवयानीने विचारले.

मिसेस लाऊंनी नियम पाळला. ऐकले तेवढेच सांगितले.

"ऊठ. इथे तुला ओळखणारं कोणी नाही."