अनीसाचा अर्थ

परतवाड्याच्या उर्दू शाळेतून निवृत्त झालेल्या अब्दुल रहीम मास्तरांकडे पूर्वी सारा मोहल्ला बाळांची नावं विचारायला येई. मोबाईल आले, ओसरीवरची वर्दळ थांबली. रमजानआधी बायको गेल्यावर तर घरात बोलायलाही कोणी उरलं नाही. म्हणून शेजारची नगमा तान्ह्या लेकीला घेऊन आली, तेव्हा मास्तरांनी घाईघाईनं खुर्चीवरचे कपडे उचलले. "चाचा, आमी चाचीचंच नाव ठेवून राहिलो इले. अनीसा म्हंजे काय होते?" मास्तर खुलले. "अरबी 'उन्स' म्हंजे जिव्हाळा, त्यातून हे नाव. अनीसा म्हंजे जिच्या सोबतीनं जीव रमते ती." नगमानं ते बाळाच्या कानात सांगितलं. हसून म्हणाली, "चाची किती खूश झाली असन ना, तुमी सांगतलं तवा?" मास्तर बाळाच्या मुठीतलं आपलं बोट पाहत राहिले. "तिनं इचारलं होतं एकदा. मी वह्या तपासून राहिलो होतो."