दोन मात्रा

खोलीत एसी चालू होता, तरी हौसाबाईंच्या कपाळावरून घाम ओघळत होता. त्यांचा मुलगा धर्मराज पलंगाला पाठ लावून उभा राहिला. "आईचा आत्ताच डोळा लागलाय, सिस्टर. राहू द्या."

मनस्वीने त्याला हाताने बाजूला केलं. हौसाबाईंचा हात गार आणि चिकट लागला. "आजी, नाव काय तुमचं?" ओठ हलले, पण शब्द धड उमटला नाही. सकाळी साडेआठला इन्सुलिन मनस्वीनेच दिलं होतं. नंतर नाश्त्याचं विचारलं, तेव्हा "सगळं खाल्लं" असं धर्मराजच म्हणाला होता.

साखर उतरली होती. बोट टोचायला तिने त्यांचा डावा हात उलटा केला आणि ती थबकली. अंगठ्याला निळी शाई होती, अजून ओली.

स्पिरिटचा बोळा तिने मागे घेतला. पुसली असती तर शाई गेलीच असती. तिने उजव्या हाताचं बोट टोचलं. बेचाळीस. मशीनवर वेळ होती अकरा वाजून पाच.

डॉक्टरांना फोन केला, त्यांनी सांगितलेलं ग्लुकोज सलाईनच्या सुईतून हळूहळू सोडायला घेतलं. हात कामात होते, डोळे खोलीभर फिरत होते. पडद्यामागे खिडकीत उपम्याची बशी झाकून ठेवलेली, चमचा कोरडा. धर्मराजच्या काखेत एक फाईल. मघाशी "गावचे आहेत" म्हणून कोणी पांढऱ्या शर्टातला माणूस येऊन गेला होता. मनस्वीच्या मनात पाल चुकचुकली.

भरतीच्या दिवशी कारकुनाने शाईचं पॅड पुढे केलं, तेव्हा याच बाईंनी ते परत ढकललं होतं. "आंगठा नको. मना सही येते, बाय." साठाव्या वर्षी शिकलेली सही. 'हौ'वर दोन मात्रा देताना त्यांनी जीभ दातांत धरली होती. आणि परवा याच खोलीत मुलाला ठणकावलं होतं, "नेऱ्याच्या जमिनीच्या कागदावर मी जिती हाय तवर सही नाय करनार."

मनस्वीला संताप आला. इन्सुलिन तिच्या हातचं, उपाशी ठेवणं याचं. मधल्या मध्ये तिलाच कामाला लावलं होतं.

पंधरा मिनिटांनी पुन्हा टोचलं. एकशे अठरा. हौसाबाईंनी डोळे उघडले, साखरेचा चहा मागून घेतला, दोन बिस्किटं बुडवून खाल्ली.

"सिस्टर," धर्मराज साळसूदपणे म्हणाला, "वेळ जरा पुढची लिहा ना. पावणेबारा वगैरे. अकराला आई चांगली शुद्धीत होती."

"वेळ माझ्या हातात नाही. ती मशीनमध्ये बसलीय."

त्याचं हसू उतरलं. फाईल त्याने आणखी घट्ट धरली.

हौसाबाईंनी कप ठेवला आणि डावा हात डोळ्यांजवळ नेला. बराच वेळ त्या अंगठ्याकडे बघत राहिल्या. "आंगठा कोनी घेतला माजा?" मग मुलाकडे वळून हळूच म्हणाल्या, "मना तर सही येते."

मनस्वीने केसपेपर ओढला आणि लिहिता लिहिता मोठ्याने वाचत गेली. "अकरा पाच. साखर बेचाळीस. स्वतःचं नाव सांगता येत नव्हतं. नाश्ता खाल्लेला नाही. डाव्या अंगठ्यावर ओली शाई."

"बाय, पेन दे," हौसाबाई म्हणाल्या.

केसपेपर मांडीवर घेऊन त्यांनी नोंदीखाली आपलं पूर्ण नाव लिहिलं. मात्रा शेवटी दिल्या. एक दिली, मुलाकडे बघितलं, मग दुसरी.